कपाळावरच्या बटांची ओढाताण

सकाळची परभणीची बस धरायला ताडकळसच्या थांब्यावर उभ्या असलेल्या कॉलेजच्या मुलींकडे पाहिले, तर अनेकींच्या कपाळावर दोन-चार बटा मुद्दाम सोडलेल्या दिसतात. पार्लरमध्ये त्यांना ‘फ्लिक्स’ म्हणतात, अलीकडे ‘बँग्स’ म्हणू लागले आहेत. आजीच्या पिढीला ‘साधना कट’ ठाऊक होता. घरात आईच्या तोंडी मात्र त्या झिपऱ्याच. निघताना या बटा छान एका वळणात बसलेल्या असतात. परभणी येईपर्यंत खिडकीचा वारा, तोंडाभोवती गुंडाळलेला स्कार्फ आणि कपाळावरचा घाम मिळून त्यांची वाट लावतात. एक बट डोळ्यात, एक कपाळाला चिकटलेली आणि एक सरळ आभाळाकडे. मग दिवसभर हात कपाळाशीच.

हा काय आरोग्याच्या सदरात घ्यायचा विषय, असे वाटू शकते. पण या बटा जागेवर बसाव्यात म्हणून जे काही केले जाते, त्याने कपाळावर पुरळ येते, कानशिलाजवळचे केस विरळ होतात आणि क्वचित त्याहून गंभीरही काही घडते. त्यातही विचित्र भाग असा की, यातले बरेचसे उपाय ज्या तक्रारीसाठी करायचे तीच तक्रार वाढवून ठेवतात.

बटांची ही हौस नवी नाही. ‘लव्ह इन सिमला’ हा चित्रपट 1960 साली आला. नायिका साधना यांचे कपाळ रुंद दिसते म्हणून दिग्दर्शक आर. के. नय्यर यांनी ऑड्री हेपबर्न या हॉलिवूडच्या अभिनेत्रीसारखे पुढचे केस कापून ते झाकले, आणि गावोगावच्या मुलींनी न्हाव्याकडे, नाहीतर घरच्या कात्रीने तीच नक्कल केली. फरक एवढाच की, पडद्यावरची बट कॅमेरा सुरू होण्यापूर्वी कुणीतरी नीट करून देत असे. दुपारी एक वाजता, 42 अंशांत, वडापमध्ये दाटीवाटीने बसून ती तशीच राहील, असे तेव्हाही कुणी सांगितले नव्हते. आजच्या जाहिराती मात्र दिवसभराची हमी देतात.

बट का हलते, हे समजून घेतले तर अर्धी चिडचिड कमी होईल. केस केराटिन नावाच्या प्रथिनाचा बनलेला असतो. या प्रथिनाच्या साखळ्या एकमेकींना दोन प्रकारच्या बंधांनी धरून असतात. काही बंध पक्के असतात. ते रसायनाशिवाय तुटत नाहीत आणि केस कुरळा की सरळ, हे बऱ्याच अंशी त्यांच्यावर ठरते. दुसरे हायड्रोजन बंध. ते कच्चे, पण संख्येने भरपूर. पाणी लागले की सुटतात आणि केस वाळताना ज्या स्थितीत असेल त्या स्थितीत पुन्हा बांधले जातात. रात्री ओल्या केसांनी झोपलेल्याचे केस सकाळी उशीच्या आकाराचे का झालेले असतात, याचे उत्तर इथे आहे. आणि सकाळी नीट बसवलेली बट घाम येताच का मोडते, याचेही. घाम म्हणजे पाणीच. तो आला की सकाळी बांधलेले बंध सुटतात आणि बट जिथे असेल, जशी असेल, तशी वाळते.

पाणी प्रत्यक्ष लागलेच पाहिजे असेही नाही, हवेतली वाफ पुरते. कोरड्या हवेतून पूर्ण दमट हवेत आलेला केस सुमारे दोन टक्के लांब होतो. जिनिव्हाच्या होरास-बेनेडिक्ट द सोस्यूर या शास्त्रज्ञाने याच गुणाचा उपयोग करून बनवलेल्या आर्द्रतामापकाची माहिती 1783 साली प्रसिद्ध केली. त्यानंतर कितीतरी दशके वेधशाळांमधल्या आर्द्रता नोंदवणाऱ्या यंत्रांत माणसाच्या केसांची जुडी ताणून बसवलेली असे. थोडक्यात, प्रत्येकीच्या कपाळावर एक छोटी वेधशाळाच लटकत असते. तिने हवामानाप्रमाणे हलू नये अशी अपेक्षा ठेवणे जरा जास्तच झाले.

त्यातून परभणी जिल्ह्याचे हवामान. मे महिन्यात पारा 42-43 अंशांवर जातो, पावसाळ्यात हवा दमट होते आणि हिवाळ्यात परभणीची थंडी राज्याच्या बातम्यांत असते. त्या कोरड्या थंडीत प्लास्टिकचा कंगवा फिरवला की केसांवर विजेचा भार साचतो आणि एकेक केस दुसऱ्यापासून पळतो. म्हणजे तीन ऋतूंत बट बिघडण्याची कारणे तीन. उन्हाळ्यातला उपाय हिवाळ्यात चालत नाही. हिवाळ्यात लाकडी फणी किंवा फणीवर तेलाचा नुसता हात पुरतो. तोच तेलाचा हात मे महिन्यात केला तर दुपारपर्यंत बट कपाळाला चिकटते.

आणि पाणी. मराठवाड्यात बोअरचे पाणी बऱ्याच ठिकाणी जड असते. त्यात डाळ लवकर शिजत नाही, भांड्यांना आणि नळाच्या तोंडाला पांढरा थर धरतो. या पाण्यातल्या कॅल्शियम-मॅग्नेशियमशी अंगाच्या साबणाचा संयोग झाला की चिकट साका तयार होतो आणि तो केसांवर बसतो. केस राठ, निस्तेज होतात आणि बट वळायला तयार होत नाही. शाम्पूने असा साका धरत नाही. त्यामुळे अंगाच्याच साबणाने डोके धुण्याची सवय असलेल्यांनी आधी तीच मोडावी. मात्र जड पाण्याने केस राठ होणे वेगळे आणि केस जाणे वेगळे. डिसेंबर 2024 आणि जानेवारी 2025 मध्ये बुलढाणा जिल्ह्यातल्या शेगाव तालुक्यात काही गावांतल्या लोकांचे केस अचानक झडू लागले, तेव्हा सुरुवातीचा संशय पाण्यावरच गेला होता. पुढे डॉ. हिंमतराव बावस्कर यांनी केलेल्या तपासण्यांत बाधितांच्या शरीरात सेलेनियमचे प्रमाण खूप वाढलेले आढळले आणि त्यांनी रेशनच्या गव्हाकडे बोट दाखवले. केसांच्या प्रत्येक तक्रारीचे खापर बोअरवर फोडण्यापूर्वी ही गोष्ट आठवावी.

आता बट बसवायची कशी? यासाठी पूर्ण डोके रोज धुण्याची गरज नाही, आणि टँकरची वाट पाहणाऱ्या गावांत ते परवडणारेही नाही. पुढच्या बटा तेवढ्या धुवायला एक तांब्या पाणी पुरते. पिण्याचे पाणी जारचे किंवा शुद्ध केलेले असेल तर हा एक तांब्या त्यातला घ्यावा, जड पाण्याचा प्रश्न तिथेच मिटतो. बाकीचे केस चाप लावून मागे घ्यावेत, बटा ओल्या कराव्यात, शाम्पूचे दोन थेंब लावून धुवाव्यात आणि टॉवेलने दाबून टिपाव्यात. खसाखसा पुसू नयेत. मग लगेच वाळवाव्यात. महत्त्व या ‘लगेच’ला आहे. चहा ठेवून, डबा भरून परत येईपर्यंत बट आपल्या मनाने वाळून गेलेली असते, आणि एकदा वाळली की फणी कितीही फिरवली तरी तिला फरक पडत नाही.

वाळवताना बट एकाच बाजूला ओढू नये. अनेकांच्या कपाळाच्या कडेलाच केसांचा भोवरा असतो. तिथल्या केसांचे मूळच तिरपे असते, आणि त्यामुळे बट मधोमध दुभंगते किंवा उभी राहते. फणीने ती आधी डावीकडे, मग उजवीकडे, असे आलटून पालटून चपटी विंचरत वाळवली तर मुळाचा तिरपेपणा बराच झाकला जातो. ड्रायर असेल तर कमी आचेवर, वरून खाली हवा सोडत वापरावा. लाइट गेलेली असेल, आणि सकाळी ती जातेच, तर ओलसर बट चिकटपट्टीच्या रोलरवर गुंडाळून दहा मिनिटे ठेवावी. तेवढ्यात कपडे, दप्तर, नाश्ता होतो. भोवरा मात्र कोणत्याही उपायाने जात नाही. ज्यांचा भोवरा अगदी मध्यावर आहे त्यांनी सरळ झालर कापून घेण्याऐवजी एका बाजूला वळणाऱ्या लांब बटा ठेवाव्यात. पार्लरमध्ये हे आधीच कुणी सांगत नाही, कारण फोटो दाखवला की तसेच कापून द्यायचे, असा रिवाज पडला आहे.

एकदा बसवली की बटेला हात लावायचा नाही. दिवसभर बट नीट राहण्यासाठी जाहिरातीतल्या कुठल्याही बाटलीपेक्षा ही गोष्ट जास्त उपयोगी आहे, आणि पाळायला सर्वांत अवघड. बोटांना तेल असते, घाम असतो. प्रत्येक स्पर्शाने तो बटेवर चढतो. पुन्हा कपाळ हा चेहऱ्याचा सर्वांत तेलकट भागांपैकी एक. तिथल्या तैलग्रंथींचे तेल बटेला खालून लागत असते आणि बोटांचे वरून. दुपारी बटा तारेसारख्या वेगवेगळ्या झाल्या असतील तर केसांना काही न लावता कपाळ साध्या रुमालाने टिपावे. फरक तिथेच दिसतो. कुणी पावडर लावतात. टाल्कमबद्दल जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने जुलै 2024 मध्ये ‘बहुधा कर्करोगकारक’ असा शेरा दिला आहे. नाकाच्या इतक्या जवळ ती रोज झटकण्यापेक्षा चिमूटभर कॉर्नफ्लॉवर फणीला लावून बटेतून फिरवावे, तेल तेही शोषते. स्कार्फ बांधताना बट आधी वर घेऊन सपाट चापाने अडकवावी आणि उतरल्यावर सोडावी. आणि मे महिन्याच्या दुपारी काहीच टिकत नसेल, तर चाप काढूच नये. तापमानाशी कुणाची स्पर्धा नसते.

तेलाबद्दल मात्र घराघरांत एकमत होत नाही. ‘तेल चोप, सगळं जागेवर बसतं,’ हा मागच्या पिढीचा सल्ला. तेलाला चांगली बाजू आहे, यात शंका नाही. मुंबईच्या मॅरिको कंपनीतल्या रेळे आणि मोहिले या संशोधकांनी 2003 मध्ये खोबरेल, सूर्यफूल आणि खनिज तेल यांची तुलना केली, तेव्हा केस धुताना होणारी प्रथिनांची झीज फक्त खोबरेल तेलाने कमी झाली. कंपनी स्वतः खोबरेल तेल विकते, हे वाचकाने लक्षात ठेवावे. पण हे तेल केसात मुरते, या निष्कर्षाला रसायनशास्त्राचा आधार आहे. त्याचा अर्थ असा की, न्हाण्याआधी केसांच्या लांबीला तेल लावणे फायद्याचे. कपाळावर ओघळेल इतके तेल लावून उन्हात दिवस काढणे, हा त्याचा अर्थ नव्हे. अमेरिकेतल्या त्वचारोगतज्ज्ञांनी 1970 मध्येच केसांच्या तेलकट लेपामुळे कपाळावर आणि कानशिलांवर येणाऱ्या बारीक पुळ्यांचे वर्णन केले आणि त्यांना त्या लेपाचेच नाव दिले. इथे लेपाच्या जागी तेल, जेल किंवा वॅक्स धरावे.

पुढची साखळी बहुतेकांच्या ओळखीची असेल. पुळ्या आल्या की त्या झाकायला बट आणखी दाट सोडली जाते. बटेखाली घाम आणि तेल कोंडते, पुळ्या वाढतात. मग औषधाच्या दुकानातून कुणीतरी सुचवलेली ‘गोरेपणाची’ किंवा ‘पुरळाची’ क्रीम येते. तिच्यात अनेकदा स्टेरॉइड असते. चार दिवस चेहरा उजळतो, मग त्वचा पातळ आणि लाल होऊ लागते, आणि क्रीम थांबवली की दुपटीने भडकते. भारतातले त्वचारोगतज्ज्ञ याविरुद्ध कित्येक वर्षे कंठशोष करत आहेत. कपाळावर पुळ्या असताना बट काही आठवडे मागे बांधून ठेवणे आणि तेल कपाळापासून दोन बोटे लांब ठेवणे, एवढ्यानेच अनेकींचे भागते.

पण मागे बांधायची म्हणजे आवळायची नाही. आणि इथे शाळांशी वाद आहे. चापून-चोपून तेल, मधोमध भांग, दोन घट्ट वेण्या वर वळवून रिबिनीने बांधलेल्या, हे नीटनेटकेपणाचे चित्र कित्येक शाळांत अजून ठरलेले आहे. एक केस कपाळावर आला तरी बाई हटकतात, आणि घरी आई म्हणते, ‘कशाला गं त्या झिपऱ्या सोडल्यास? घट्ट बांध की.’ केस सतत ताणले गेले की कपाळाच्या आणि कानशिलाच्या कडेचे केस आधी तुटतात, नंतर मुळापासून जातात. घट्ट शेंडी बांधणाऱ्या ग्रीनलंडमधल्या बायकांत हे 1907 सालीच नोंदवले गेले आहे. सुरुवातीला ताण थांबवला तर केस परत येतात. वर्षानुवर्षे चालू राहिले तर मुळे मरतात आणि मग कपाळ कायमचे मागे सरकते.

या दुखण्याची एक खूण अशी की, विरळ झालेल्या पट्ट्याच्या पुढे, कपाळाच्या अगदी कडेला, आखूड केसांची एक बारीक झालर उरते, कारण ते केस वेणीत सापडण्याइतके लांबच नसतात. 2011 मध्ये अमेरिकेतल्या त्वचारोगतज्ज्ञांनी या झालरीलाच निदानाची खूण म्हणून नाव दिले. आता हीच झालर शाळेत आणि घरी कशी दिसते? ‘बारके केस बसत नाहीत’ अशी. मग त्यांच्यावर आणखी तेल, आणखी घट्ट वेणी. ताणाने तुटलेले केस विसकटलेले दिसतात म्हणून त्यांना आणखी ताण द्यायचा, असा हा प्रकार आहे. सगळ्या मुलींचे बारके केस आजाराचे नसतात. बहुतेकींच्या कपाळावर बाळलव असतेच. पण वेणी सोडल्यावर डोके दुखत असेल, केसांच्या मुळाशी बारीक फोड दिसत असतील किंवा कानशिलाजवळचे टाळू दिसू लागले असेल, तर तेलाची बाटली ठेवून वेणी सैल करावी. शाळेने नियम ठेवावा, केस बांधलेले असावेत असेही म्हणावे. कपाळावर सपाट चाप लावलेली एक बट त्या नियमात खुशाल बसू शकते. मुलीच्या चांगुलपणाचे मोजमाप तिच्या भांगावरून करायचे आणि त्यासाठी तिच्या केसांची किंमत मोजायची, हा सौदा शहाणपणाचा नाही.

बटांमुळे डोळे तिरळे होतात किंवा चष्मा लागतो, ही भीतीही अशीच पोसलेली. नंबर आणि तिरळेपणा यांची कारणे वेगळी असतात, बटेने ते येत नाहीत. केसांची टोके बुबुळाला घासून डोळा चुरचुरतो, पाणी येते, मुलगी सारखी डोळे चोळते, हे खरे. त्याला इलाज कात्रीचा, भुवईच्या वर.

उरला तो ‘कायमचा’ उपाय. स्मूदनिंग, केराटिन, बोटॉक्स अशा नावांचे फलक आता तालुक्याच्या गावांतल्या पार्लरवरही दिसतात. रोजच्या कटकटीपेक्षा एकदाच पैसे घालवून बट सरळ करून घ्यावी, लग्नसराई जवळ आली आहे, असा विचार होतो. या क्रीममध्ये पूर्वी फॉर्मल्डिहाइड असे. त्यावर टीका झाल्यावर अनेक कंपन्यांनी ग्लायऑक्झिलिक आम्ल आणले आणि डब्यावर ‘फॉर्मल्डिहाइडमुक्त’ लिहिले. ट्युनिसमधल्या एका 26 वर्षांच्या तरुणीने 2020, 2021 आणि 2022 मध्ये असे तीनदा केस सरळ करून घेतले. तिन्ही वेळा तिची मूत्रपिंडे अचानक बिघडली. उपचार करणाऱ्या डॉक्टरांनी ते क्रीम उंदरांच्या त्वचेला लावून पाहिले, तर त्यांच्या मूत्रपिंडांत कॅल्शियम ऑक्झलेटचे स्फटिक सापडले. बहुतेक मुतखडे याच पदार्थाचे असतात. ही माहिती मार्च 2024 मध्ये ‘न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिन’मध्ये प्रसिद्ध झाली. दरवेळी आणि प्रत्येकीला असे होईल असे नाही. पण डब्यावरची घटकांची यादी पार्लरमध्ये मागून वाचण्याइतके कारण यात नक्की आहे. क्रीम लावल्यावर टाळूची आग होत असेल तर ‘सहन करा, काम चाललंय’ हे ऐकून घेऊ नये. आणि आधीपासून मूत्रपिंडाचा त्रास असणाऱ्यांनी या वाटेला जाऊच नये. घरच्या इस्त्रीयंत्राचीही एक अट असते, केस पूर्ण कोरडा हवा. ओल्या केसावर तापलेली पट्टी दाबली की आतल्या पाण्याची वाफ होऊन केसात बुडबुडे तयार होतात आणि बट तिथेच तुटते. चर्र असा आवाज आला की समजावे.

मुलग्यांचे काय, असा प्रश्न बरोबर आहे. कपाळावर कोंबडा काढणारी पोरे जेलचा डबा महिन्याला संपवतात, त्यांच्या कपाळावर पुळ्या मुलींपेक्षा कमी नसतात, आणि हेल्मेट टाळण्याचे खरे कारण पुष्कळदा केसच असतात. पण त्यांना झिपऱ्या म्हणून कुणी रागावत नाही. हेल्मेटने मोडलेला कोंबडा पाण्याच्या चार थेंबांनी परत उभा करता येतो. हायड्रोजन बंध तेच.

कात्री लावताना केस कोरडे असावेत. ओला केस ताणलेला असतो, वाळल्यावर बट बोटभर वर चढते, आणि कुरळ्या केसांची तर आणखीच. केस महिन्याला साधारण एक सेंटीमीटर वाढतो. त्यामुळे भुवईशी कापलेली बट तीन-चार आठवड्यांत डोळ्यात येऊ लागते, आणि बट ‘बसत नाही’ ही तक्रार अनेकदा तेव्हाच सुरू होते. जूनमध्ये कॉलेज उघडण्याच्या तोंडावर कापून घ्यायची असेल तर कुरळ्या केसांच्या मुलींनी अर्धा इंच लांबच ठेवायला सांगावे. पहिला पाऊस पडला, हवा ओली झाली, की ती बट आपोआप आखडणार आहे.